घाबरतेस काय, जोकरच तर आहे!

गेल्या वर्षीची गोष्ट. माझ्या मावसबहिणीच्या मुलाचा चौथा वाढदिवस. सोसायटीचा हॉल, फुगे, कार्टूनवाला केक आणि 'सरप्राइज' म्हणून बोलावलेला जोकर. लाल-पिवळे केस, नाकावर लाल गोळा, पांढराफटक चेहरा आणि गालांवर पार कानापर्यंत रंगवलेलं हसू. तो आत आला तशी सगळी पोरं आनंदाने ओरडली. आमचा बर्थडे बॉय मात्र आधी गप्प झाला, मग आईच्या ओढणीत शिरला आणि मग त्याने जे भोकाड पसरलं ते थांबेचना.

मोठी माणसं काय करत होती? हसत होती. "अरे घाबरतोस काय, जोकरच तर आहे!" "काकांना शेकहॅण्ड कर बघू." एका उत्साही आजोबांनी तर त्याला उचलून थेट जोकरच्या हातात द्यायचा प्रयत्न केला. तीन-चार मोबाइल वर गेले. रात्री तो व्हिडिओ फॅमिली ग्रुपवर आला आणि खाली हसून हसून रडणाऱ्या इमोजींची रांग लागली.

आणि मी? मी हॉलच्या बाहेर पाण्याच्या जारपाशी उभी होते. तहान नसताना तिसरा ग्लास पाणी पीत. कारण मी बावीस वर्षांची आहे, रात्रीच्या लोकलने एकटी घरी येते, रूममधली पाल झाडूने मीच हाकलते आणि मी जोकरला घाबरते.

हे वाक्य लिहायला मला बराच वेळ लागला. झुरळाला घाबरते, उंचीला घाबरते असं सांगितलं तर लोक समजून घेतात. 'जोकरला घाबरते' म्हटलं की समोरचा आधी हसतो आणि मग पुढच्या भेटीत फोनवर जोकरचा फोटो काढून तोंडासमोर धरतो. म्हणून ठरवलं, एकदा या भीतीचं काय ते शोधून काढू.

नाव आहे, आजार नाही

या भीतीला इंग्रजीत नाव आहे, 'कूलरोफोबिया'. शब्द ऐकायला प्राचीन वाटतो, पण तो वापरात येऊन जेमतेम तीन-चार दशकं झाली आहेत. मानसोपचारतज्ज्ञ ज्या अमेरिकन नियमावलीचा आधार घेतात, त्या 'डीएसएम'मध्ये या भीतीची वेगळी नोंद नाही. भीतीमुळे माणूस लग्नाला जाणं, मॉलमध्ये जाणं टाळायला लागला, छाती धडधडायला लागली आणि हे महिनोन्‌महिने चाललं, तर 'विशिष्ट गोष्टीचा फोबिया' या गटात ती मोजली जाते. म्हणजे जोकर आवडत नसलेला प्रत्येक जण फोबियाचा पेशंट नाही. मीही नाही. पण म्हणून मला जे वाटतं ते नाटक आहे, असंही नाही.

आणि मी एकटीही नाही. ब्रिटनमधल्या युनिव्हर्सिटी ऑफ साउथ वेल्सच्या संशोधकांनी 64 देशांतल्या 987 प्रौढांना प्रश्न विचारले. त्यातल्या 53.5 टक्के लोकांनी जोकरची थोडी तरी भीती वाटते असं सांगितलं. 5 टक्के म्हणाले, प्रचंड वाटते. ही सगळी 18 ते 77 वयाची माणसं होती, चार वर्षांची पोरं नव्हेत.

पुढे याच टीमने विचारलं की भीती कशामुळे वाटते. मला वाटलं होतं, बहुतेकांच्या बाबतीत लहानपणी काहीतरी घडलेलं असणार. पण प्रत्यक्ष वाईट अनुभव हे कारण यादीत सगळ्यात खाली निघालं. सगळ्यात वर काय होतं? मेकअप. रंगाखाली त्या माणसाच्या खऱ्या भावना दिसत नाहीत, हे. त्यानंतर, तो पुढच्या क्षणी काय करेल याचा नेम नसतो, हेही कारण होतं.

हे वाचलं तेव्हा पहिल्यांदा वाटलं, अरे, हेच तर मला सांगता येत नव्हतं!

ओठ हसतात, डोळ्यांचं काय?

आपण दिवसभर काय करत असतो? चेहरे वाचत असतो. एचओडी आज कोणत्या मूडमध्ये आहेत, आई खरंच रागावली आहे की नुसतं रागावल्यासारखं करते आहे, समोरून येणारा माणूस ओळखीचा आहे की नाही. शब्दांच्या आधी चेहरा बोलतो. एकोणिसाव्या शतकात दुशेन नावाच्या फ्रेंच डॉक्टरने दाखवून दिलं होतं की मनापासूनच्या हसण्यात ओठांसोबत डोळ्यांभोवतीचे स्नायूही आकसतात. खोटं हसू ओठांवरच थांबतं. आपल्याला हे शास्त्र माहीत नसतं, पण कोणी वरवर हसलं तर आपल्याला कळतं.

आता जोकरचा चेहरा आठवा. ओठ कायम हसरे, कारण ते रंगवलेले. आतला माणूस थकलेला असो, चिडलेला असो, घामाने भिजलेला असो, हसू जागचं हलत नाही. डोळे मात्र त्याचे स्वतःचे. मेंदूला एकाच चेहऱ्यावरून दोन वेगळे निरोप मिळतात आणि कोणता खरा ते कळत नाही. सापाची भीती सरळ असते, साप दिसला की पळायचं. इथे पळावं तर आपण मूर्ख ठरू आणि थांबावं तर पोटात गोळा. अमेरिकेतले मानसशास्त्रज्ञ फ्रान्सिस मॅकअँड्र्यू आणि त्यांची सहकारी सारा कोन्की यांनी 2016 मध्ये 'विचित्र वाटणं' या विषयावर अभ्यास केला. 1341 लोकांना विचारलं की कोणत्या व्यवसायातली माणसं विचित्र, अस्वस्थ करणारी वाटतात? पहिला नंबर जोकरचा लागला. प्रेतांवर अंत्यसंस्कार करणाऱ्यांच्याही वर! त्यांचं म्हणणं असं की धोका आहे की नाही हेच ठरवता येत नाही, तेव्हा माणूस असा अस्वस्थ होतो.

जपानी रोबो-तज्ज्ञ मासाहिरो मोरी यांनी 1970 मध्ये जवळपास हीच गोष्ट रोबोंबद्दल लिहिली होती. रोबो माणसासारखा दिसू लागला की तो आपल्याला आवडू लागतो. पण तो 'जवळजवळ माणूस, तरी पूर्ण नाही' अशा टप्प्यावर आला की एकदम नकोसा होतो. दुकानातल्या पुतळ्याकडे रात्री बघवत नाही, ते यामुळेच. जोकर तर खराखुरा माणूस असतो, पण पाय प्रमाणाबाहेर मोठे, ओठ प्रमाणाबाहेर मोठे, चेहऱ्याचा रंग माणसाचा नाही. शिवाय त्याला नियम मोडायची परवानगी असते. तो तुमच्या डोक्यावर पाणी ओतू शकतो, तुम्हाला ओढून स्टेजवर नेऊ शकतो, आणि तुम्ही चिडलात तर चूक तुमची.

लहान मुलांचं तर आणखी वेगळं. 1969 मध्ये अमेरिकेत ऱ्हेटा डीव्ह्राइस या संशोधिकेने एक गंमतीशीर प्रयोग केला. मेनार्ड नावाचं एक शांत मांजर मुलांना दाखवलं. मग त्याचं तोंड आडोशाला नेऊन त्यावर कुत्र्याचा मुखवटा चढवला. शेपटीकडची बाजू पूर्ण वेळ मुलांच्या समोरच होती. तरीही तीन वर्षांच्या बऱ्याच मुलांना वाटलं की मांजराचा आता कुत्रा झाला. सहा वर्षांची मुलं फसली नाहीत. म्हणजे चार वर्षांच्या मुलाला आपण जेव्हा म्हणतो, "अरे, आत माणूसच आहे", तेव्हा आपण त्याला अशी गोष्ट सांगत असतो जी त्याच्या डोक्यात अजून पक्की बसलेलीच नाही. तो हट्टी नसतो. तो त्याच्या वयाचा असतो.

'इट' बघितला म्हणून?

"तू हॉरर सिनेमे फार बघतेस" हे मला अनेकदा ऐकवलं गेलंय. सिनेमांचा हात आहेच. स्टीफन किंगची 'इट' ही कादंबरी 1986 मध्ये आली, 1990 मध्ये तिच्यावर मालिका झाली आणि 2017 मध्ये सिनेमा. त्यातला पेनीवाइज आज पुस्तकाचं पानही न उलटलेल्या पोरांना माहीत आहे. त्याआधी शिकागोजवळ राहणाऱ्या जॉन वेन गेसीची केस गाजली होती. हा माणूस 'पोगो' नावाचा जोकर बनून मुलांच्या पार्ट्यांना जायचा. 1980 मध्ये 33 खुनांसाठी त्याला दोषी ठरवण्यात आलं.

पण रंगवलेल्या हसण्यामागे दुसरंच काही असतं, ही शंका याहून जुनी आहे. आजच्या जोकरचा पांढरा चेहरा आणि लाल गाल ज्याच्यामुळे रूढ झाले, तो लंडनचा जोसेफ ग्रिमाल्डी. स्टेजवर उड्या मारून मारून त्याचं शरीर पार मोडून गेलं होतं, घरात दुःखांची कमी नव्हती. तो 1837 मध्ये गेला आणि त्याच्या आठवणींचं पुस्तक संपादित केलं ते तरुण चार्ल्स डिकन्सने. हसवणारा माणूस आतून रडत असतो ही गोष्ट तेव्हापासून लोकांच्या डोक्यात बसली.

आपल्याकडेही तीच बसली. सांगली जिल्ह्यातल्या अंकलखोपच्या विष्णुपंत छत्र्यांनी 1880 मध्ये मुंबईत 'ग्रेट इंडियन सर्कस' उभी केली, तेव्हापासून सर्कस आपल्या मातीतली झाली. पण आपल्याला जोकर आठवतो तो राज कपूरचा, 'मेरा नाम जोकर'मधला. नाहीतर 'एक होता विदूषक'मधला लक्ष्मीकांत बेर्डे. आपला जोकर बिचारा आहे. त्याची भीती वाटत नाही, कीव येते. मग पेनीवाइज ज्यांना माहीतच नाही, अशी आपली पोरं वाढदिवसाला का रडतात? कारण भीती सिनेमा देत नाही. आधीच असलेल्या भीतीला सिनेमा फक्त चेहरा देतो.

संकासुराची आठवण

मला हसवणाऱ्या आणि घाबरवणाऱ्या माणसाची पहिली आठवण सर्कशीतली नाहीच. ती कोकणातली आहे, आजोळची. शिमग्यात खेळे घरोघरी फिरतात, त्यांच्यात संकासुर असतो. काळा वेष, डोक्यावर उंच निमुळती टोपी, लांब पांढरी दाढी, कमरेला घुंगरं. तो नाचतो, मोठ्यांची टिंगल करतो, पोरांच्या मागे लागतो. घुंगरांचा आवाज लांबून आला की आम्ही माजघरात पळायचो आणि दाराच्या फटीतून बघायचो.

घाबरायचो, नक्कीच. पण त्या भीतीची मजा होती. का, ते आता कळतं. तो वर्षातून ठरलेल्या दिवशी यायचा. घुंगरं आधी सांगायची की तो येतोय. आत कोण आहे हे आख्ख्या वाडीला माहीत असायचं. आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे मला दाराआड उभं राहायची मुभा होती. आजी कधी "जा, हात लाव त्याला" म्हणाली नाही. ती पदर पुढे करायची. ज्याला पुढे जायचंय तो जायचा, बाकीचे पदराआडून बघायचे. दर वर्षी मी पाऊलभर पुढे सरकले आणि सातवीत असताना त्याच्यासमोर अंगणात उभी राहिले.

आज मानसोपचारात फोबियासाठी 'एक्स्पोजर' पद्धत वापरतात. ज्याची भीती वाटते त्याच्याजवळ थोडंथोडं, आपल्या गतीने, मन स्थिर ठेवत जायचं. आधी चित्र, मग व्हिडिओ, मग लांबून, मग जवळून. आजीला हा शब्द माहीत नव्हता. पण ती जे करत होती ते याहून फार वेगळं नव्हतं, आणि सोसायटीच्या हॉलमध्ये चाललं होतं ते याच्या बरोबर उलट होतं.

रंगाच्या आतला मुलगा

हा लेख लिहायचा ठरला तेव्हा वाटलं, दुसरी बाजूही ऐकली पाहिजे. आमच्याच कॉलेजचा एक मुलगा शनिवार-रविवार वाढदिवसांना जोकर बनून जातो. फी आणि मेसचे पैसे त्यातून सुटतात. त्याला म्हटलं, "मला तुझा मेकअप बघायचाय. सुरुवातीपासून."

तो आरशासमोर बसला आणि मी दाराजवळ स्टूल घेऊन. आधी पांढरा थर. मग भुवया. मग ओठ. मध्ये त्याला शिंक आली आणि अर्धं हसू वाकडं झालं, ते पुसून परत काढलं. शेवटी नाक. मी वाट बघत होते की पोटात गोळा कधी येतो. आला, पण छोटा. कारण त्या रंगाखाली शिंकणारा मुलगा मला अजून दिसत होता.

त्याला विचारलं, मुलं रडतात तेव्हा काय वाटतं? म्हणाला, "वाईट वाटतं यार. मी लांब उभा राहतो, गुडघ्यावर बसतो, त्याच्याकडे बघतच नाही. दहा मिनिटांत पोरगं स्वतः येतं. पण आईबाप थांबत नाहीत ना! ढकलतात पुढे. त्यांना फोटो हवा असतो. मग पोरगं आणखी रडतं आणि पैसे देताना मलाच म्हणतात, मुलांना हँडल करता येत नाही तुम्हाला."

म्हणजे त्या फोटोत दोन माणसं अडकलेली असतात. एक रडणारा आणि एक हसू रंगवलेला. बाहेर उभं राहून हसणारे फक्त आपण.

हॉस्पिटलमधल्या जोकरांबद्दल वाचताना हेच परत सापडलं. 2008 मध्ये ब्रिटनमधल्या शेफिल्ड विद्यापीठाने 250 हून जास्त मुलांना हॉस्पिटलच्या सजावटीबद्दल विचारलं, तर भिंतीवरचे जोकर मुलांना नकोसे वाटले. आणि 2020 मध्ये 'बीएमजे' या वैद्यकीय नियतकालिकात 24 अभ्यासांचा आढावा आला, त्यात दिसलं की हॉस्पिटलमध्ये प्रशिक्षित जोकर भेटल्यावर मुलांची चिंता कमी होते. वरवर बघता दोन्ही एकमेकांच्या विरुद्ध. पण भिंतीवरचा जोकर विचारत नाही आणि निघूनही जात नाही. प्रशिक्षित जोकर दाराशी थांबतो आणि विचारतो, आत येऊ का? मूल नाही म्हणालं तर जातो. विचार करा, हॉस्पिटलमधल्या मुलाला इंजेक्शनला नाही म्हणता येत नाही, औषधाला नाही म्हणता येत नाही. सगळ्या दिवसात नाही म्हणता येईल असा तो एकच माणूस असतो.

जोकरच तर आहे, जोकच तर होता

आता तुम्ही म्हणाल, एवढ्याशा भीतीवर एवढा मोठा लेख? मान्य, जोकर रोज भेटत नाही. माझं आयुष्य त्यामुळे अडत नाही. पण "घाबरतेस काय, जोकरच तर आहे" हे वाक्य मला रोज भेटतं, फक्त थोडं बदलून.

हॉस्टेलवर कोणीतरी रात्री मास्क घालून दारामागे उभं राहतं, मुलगी थरथर कापते, रील व्हायरल होतं. तिने डिलीट करायला सांगितलं तर उत्तर येतं, "चिल ना, प्रँक होता." ग्रुपवर कोणाच्या दिसण्यावरून, जातीवरून, बोलीवरून काहीतरी टाकलं जातं. तो गप्प झाला तर म्हणतात, "एवढं काय, जोकच तर होता!" कोणी नको तसा हात लावतं आणि ती चिडली तर तिलाच सांगतात, "अगं, तो सगळ्यांशीच मस्ती करतो." प्रत्येक वेळी एक हसरा चेहरा पुढे असतो आणि त्या हसण्यावर आक्षेप घेणारा वेडा ठरतो. जोकरची भीती ही खरंतर याचीच भीती आहे. समोरचा हसतोय, पण मला सुरक्षित वाटत नाहीये, आणि कोणी माझं ऐकणार नाही.

चार वर्षांच्या मुलाला तो रडत असताना जोकरच्या हातात देतो तेव्हा आपण त्याला धीट बनवत नाही. आपण त्याला शिकवतो की तुला आतून जे वाटतंय ते चुकीचं, चार लोक हसतात ते खरं. तोच मुलगा विसाव्या वर्षी रॅगिंग सहन करून गप्प बसला, तर आपण विचारणार, "आधीच का नाही बोललास?"

याचा अर्थ जोकरवर बंदी घाला असा अजिबात नाही. अमेरिकेत 2016 मध्ये ग्रीनव्हिल गावापासून 'जंगलात जोकर दिसतात' अशी लाट उठली, पार दुसऱ्या देशांपर्यंत पोचली. टवाळखोरांनी मास्क घालून लोकांना घाबरवलं आणि बिचाऱ्या खऱ्या जोकरांवर आपण धोकादायक नाही हे सांगत फिरायची वेळ आली. रोनाल्ड मॅकडोनाल्डलासुद्धा काही काळ कार्यक्रमांतून मागे घेतलं गेलं. वाईट मास्कवाल्यांनी केलं, भोगलं पोटासाठी रंग लावणाऱ्यांनी. मला माझ्या त्या मित्राचा शनिवार-रविवार बुडवायचा नाहीये.

मागणी साधी आहे. कोणी घाबरलं तर हसण्याआधी एक क्षण थांबा. मोबाइल खाली ठेवा. मूल असेल तर त्याला दाराआड उभं राहू द्या. मित्र असेल तर पुरावा म्हणून त्याच्यासमोर फोटो नाचवू नका. आणि भीती इतकी असेल की त्यामुळे तुमचं कुठे जाणं-येणं बंद झालंय, तर कॉलेजच्या काउन्सेलरकडे जा, बिनधास्त 'जोकर' हा शब्द उच्चारा. यावर उपचार होतात.

मागच्या आठवड्यात ताईचा फोन आला. पुन्हा वाढदिवस जवळ आलाय. या वेळी तिने आधी लेकालाच विचारलं, "जोकर बोलवायचा का?" त्याने खूप विचार केला म्हणे. मग म्हणाला, "बोलव. पण त्याला लांब बसव."

मी ताईला सांगितलंय, माझी खुर्ची त्याच्या शेजारी ठेव. जोकरच्या नव्हे, भाच्याच्या.